स्पार्क प्लग घरी बदलताना या चुका टाळा

पेट्रोल गाडीचे स्पार्क प्लग बदलणं हे घरी करण्यासारखं काम आहे. बिघडतं ते बहुतेक वेळा एकाच ठिकाणी. प्लगची बॉडी पोलादाची, आणि तो ज्यात बसतो ते इंजिनाचं हेड सहसा अॅल्युमिनियमचं. जोर जास्त झाला की हेडचे आटे जातात. प्लग खराब झाला तर दुसरा आणता येतो, पण आटे गेले तर कधी इन्सर्ट, म्हणजे नव्या आट्यांची धातूची नळी, बसवावा लागतो, कधी अख्खं हेड उतरवावं लागतं. म्हणून सगळी काळजी त्या आट्यांची घ्यायची.

गाडी फिरवून आणली आणि लगेच पाना लावला, असं कधीच करू नका. तापलेल्या हेडमधून प्लग काढताना आटे ओरबाडले जाऊ शकतात. रात्रभर उभी असलेली गाडी सगळ्यात चांगली.

इग्निशन बंद करून कॉइल (प्लगवर बसलेला, ठिणगीसाठी जास्त दाबाची वीज देणारा भाग) काढा. कनेक्टरचं लॉक दाबून सोडवा, वायर धरून ओढू नका. जुन्या गाडीत हे प्लॅस्टिक उष्णतेने कडक होऊन पटकन तुटतं. कॉइलऐवजी प्लगच्या वायरी असतील तर एका वेळी एकच प्लग बदला. वायरींची अदलाबदल झाली की फायरिंग ऑर्डर, म्हणजे सिलिंडर पेटण्याचा क्रम, चुकते आणि इंजिन नीट चालत नाही.

सॉकेट घालण्याआधी टॉर्चने प्लगच्या खड्ड्यात बघा. तिथे साचलेली माती प्लग निघताच थेट सिलिंडरमध्ये पडते. डोळ्यांवर गॉगल लावून हवा मारा, मगच प्लग सैल करा. खड्ड्यात तेल दिसलं तर व्हॉल्व्ह कव्हरचं गॅस्केट किंवा प्लग ट्यूबचं सील गळतंय. नुसतं पुसून भागणार नाही, सील बदलावं लागेल. प्लग निघता निघता मध्येच अडला तर रेटू नका. पेनिट्रेटिंग ऑइल (अडकलेले आटे मोकळं करणारं पातळ तेल) सोडा, थांबा, थोडा परत आत फिरवा, पुन्हा बाहेर घ्या. वेळ लागतो, लागू द्या.

नवा प्लग दिसायला सारखा आहे म्हणून घेऊ नका, मॅन्युअलमधला नंबरच घ्या. आट्यांची लांबी जास्त असेल तर प्लगचं टोक पिस्टनला लागू शकतं. इरिडियम प्लगचा गॅप, म्हणजे ठिणगी पडते ती टोकांमधली फट, बहुधा कारखान्यातूनच लावून येतो. त्याच्या बारीक टोकात फट मोजायचा गेज घालून उचकटलं की ते मोडतं. जमिनीवर पडलेला प्लग मात्र वापरूच नका. सिरॅमिकला गेलेला बारीक तडा डोळ्यांना दिसत नाही, मिसिंग (सिलिंडर नीट न पेटणं) मात्र सुरू होतं.

आता खरं काम. रॅचेट बाजूला ठेवा. सॉकेट आणि एक्स्टेन्शन नुसत्या बोटांनी धरून प्लग आत सोडा आणि आधी हलकेच उलटा फिरवा. एका जागी ‘टक’ असं बारीक जाणवतं, तिथून सुलट फिरवायला लागा. प्लग टेकेपर्यंत बोटांनीच गेला पाहिजे. पहिल्याच वेढ्यात अडला तर तो तिरका चाललाय. काढा आणि पुन्हा सुरुवात करा. इथे पान्याने रेटलं की हेडमध्ये आडवे आटे पडलेच.

शेवटचं आवळणं टॉर्क रेंचने, म्हणजे किती जोर लागला ते मोजणाऱ्या पान्याने, आणि आकडा मॅन्युअलचा. अंदाजासाठी सांगायचं तर वॉशर असलेल्या १४ मिमी (आट्यांचा व्यास) प्लगला अॅल्युमिनियम हेडमध्ये साधारण २५ ते ३० न्यूटन मीटर, १२ मिमीला १५ ते २०. रेंच नसेल तर १४ मिमीचा नवा, वॉशरवाला प्लग हाताने टेकल्यावर अर्धा ते दोन तृतीयांश वेढा. निमुळत्या सीटच्या, बिनवॉशरच्या प्लगला मात्र फक्त एक सोळांश. या दोन हिशेबांत गल्लत करू नका. सैल ठेवणंही वाईटच: उष्णता हेडमध्ये उतरत नाही आणि प्लग नको तेवढा तापतो. आट्यांना अँटी-सीझ (आटे चिकटू न देणारं) ग्रीस लावायची सवय बऱ्याच जणांना असते. मुलामा दिलेल्या आजच्या प्लगना ते लागत नाही, उलट घर्षण कमी होऊन त्याच टॉर्कला प्लग जास्त आवळला जातो.

काम झाल्यावर गाडी थरथरली तर आधी कॉइल पूर्ण खाली बसली का आणि कनेक्टर लॉक झाला का ते पाहा. गाडीचे बिघाडाचे कोड वाचणारा स्कॅनर असेल तर पी०३०१ म्हणजे पहिल्या सिलिंडरचं मिसिंग, पी०३०२ म्हणजे दुसऱ्याचं. त्या सिलिंडरची कॉइल शेजारच्याशी बदलून बघा. कोड कॉइलबरोबर सरकला तर दोष कॉइलचा. जागच्या जागी राहिला तर प्लग, मग इंजेक्टर (पेट्रोल फवारणारा भाग) तपासा. चेक इंजिनचा दिवा लुकलुकत असेल तर गाडी चालवू नका. न जळलेलं पेट्रोल सायलेन्सरच्या वाटेवरच्या, धूर शुद्ध करणाऱ्या कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन जळतं आणि तो निकामी होतो.

जुने प्लग सिलिंडरच्या क्रमाने मांडून ठेवा. फिकट तपकिरी किंवा राखाडी टोक ठीक. कोरडी काळी काजळी म्हणजे पेट्रोल जास्त जातंय, पांढरं फोड आलेलं टोक म्हणजे प्लग फार तापलाय. तीन सारखे आणि एकच तेलाने ओला निघाला, तर त्या सिलिंडरचं कॉम्प्रेशन (आतला दाब) तपासून घ्या.