सामाईक अवयव काढताना हरवणारा १
सांगलीत पुतणीचा गणिताचा अभ्यास मी घेतो. १२अ³ब − १८अ²ब² + ६अ²ब या बहुपदीचे अवयव पाडताना ती दरवेळी ६अ²ब(२अ − ३ब) वर थांबायची. "काका, शेवटचं पद अख्खंच बाहेर गेलं, मग आत काय उरणार?" प्रश्न अगदी रास्त!

मसावि, म्हणजे सगळ्या पदांना भाग देणारा सर्वांत मोठा सामाईक अवयव, तिला बरोबर यायचा: सहगुणकांचा (अक्षरांआधीच्या संख्यांचा) ६, प्रत्येक अक्षराचा सर्वांत लहान घातांक. गोम कंसात होती. मग प्रत्येक पदाखाली भागाकार लिहायला लावला. ६अ²ब भागिले ६अ²ब, उत्तर १. शून्य नव्हे! म्हणून ६अ²ब(२अ − ३ब + १).

आता ती आधी पदं मोजते; मूळ राशीत तीन, तर कंसातही तीनच. मग गुणून पडताळा घेते. पहिलं पद ऋण असलं की उणे चिन्ह बाहेर काढून आतली चिन्हं बदलायची, त्याचा सराव सध्या चालू आहे.