व्हिला खरा की नुसता फोटो?

मे महिना लागला की आमच्या नागावच्या व्हिलाच्या फाटकाशी एखादं कुटुंब हमखास बॅगा घेऊन उभं राहतं. बुकिंग म्हणे ‘आमचं’, पैसे मात्र भलत्याच्याच खात्यात! आमच्या ओटीचे फोटो चोरून कुणीतरी जाहिरात केलेली असते. म्हणून सांगते.

फोटो गूगल लेन्समध्ये टाका. तोच झोपाळा अलिबागलाही आणि लोणावळ्यालाही दिसला, की समजून जा. मग मालकाला व्हिडिओ कॉल करा. नुसत्या खोल्या बघू नका. फाटकाबाहेर या, रस्ता दाखवा, शेजारी दुकान कुठलं ते सांगा म्हणा. खरा मालक वैतागेल, पण दाखवेल. (आम्ही तर विहिरीवरचा रहाटसुद्धा दाखवतो.) भामटा म्हणेल, “आत्ता गेस्ट आहेत.” असू देत की, रस्त्यावर यायला काय होतंय?

यूपीआयने पैसे पाठवण्याआधी खातेदाराचं नाव दिसतं, ते वाचा. मालक सांगतो एक नि नाव तिसरंच, तर तिथेच थांबा. ‘रिफंडसाठी पिन टाका’ म्हणाला तर फोन ठेवा. पैसे घ्यायला पिन लागत नाही.

गेलेच पैसे, तर भांडत बसू नका, लगेच १९३० ही सायबर फसवणुकीची सरकारी हेल्पलाइन लावा. यूटीआर क्रमांक (म्हणजे त्या व्यवहाराचा नंबर) हाताशी ठेवा, तो विचारतात.