लग्नासाठी घटिकापात्र लावायचं तर

मुहूर्त मोबाइलवर बघता येतो, पण घटिकापात्र, म्हणजे बुडाच्या भोकातून पाणी भरत ठरावीक वेळात बुडणारी वाटी, बघत सगळा मांडव थांबतो, ते मला फार मोलाचं वाटतं. म्हणून घरात कार्य निघालं की घटिका मीच लावते.

पातळ पत्र्याची, गोल बुडाची तांब्याची वाटी घ्या. पुण्यात तांबट आळीत घडवून मिळते. बुडाला बरोबर मध्यभागी भोक हवं, आणि ते आधी बारीकच पाडा. घंगाळात गाळलेलं पाणी भरा, वाटीपेक्षा चांगलं खोल. वाटी अलगद सोडा आणि घड्याळ लावा. एक घटिका म्हणजे २४ मिनिटं. तेवढ्या वेळात वाटी बुडायला हवी. उशीर झाला तर सुईने भोक किंचित मोठं करा, लवकर बुडाली तर बाहेरून हलक्या हातोडीने कडा दाबून घ्या. इथे घाई नको. मी संध्याकाळभर हेच करत बसते. गार पाणी भोकातून सावकाश शिरतं, म्हणून पहाटेच्या मुहूर्तासाठी पहाटेच्याच पाण्यावर तपासा. कचरा अडकला की सगळंच चुकतं.

लग्नाच्या दिवशी घंगाळ सपाट जागी, पंख्यापासून लांब ठेवा. हळदकुंकू वाहा. सूर्योदयाला पहिली वाटी सोडा. बुडाली की लगेच काढून, रिकामी करून पुन्हा सोडायची आणि दर वेळी एक सुपारी बाजूला ठेवायची. अडीच घटिका म्हणजे एक तास. राखणीला दोघं हवीत, कारण एकाला चहाला बोलावणं येतंच.