मोटार जळते विहिरीत, दोष असतो पेटीत

आमच्या विहिरीवरची 5 एचपीची मोटार एका रब्बीत दोनदा जळाली. दोन्ही वेळा रिवाइंडिंग केलं, स्टार्टरची पेटी मात्र उघडून पाहिली नाही. आत एका फेजचा (वीज आणणाऱ्या तीन तारांपैकी एकीचा) स्क्रू सैल होता, लग (वायरच्या टोकाला बसवलेलं धातूचं टोपण) काळा पडला होता. चालत्या मोटारीचा एक फेज सुटला तरी ती थांबत नाही. पाणी उपसत राहते आणि उरलेल्या दोन फेजांतून सुमारे पावणेदोन पट करंट ओढते. अशा वेळी ओव्हरलोड रिलेने, म्हणजे जादा करंट आला की मोटार बंद करणाऱ्या भागाने, ट्रिप व्हायला हवं. आमच्या रिलेचा काटा कुणीतरी शेवटच्या आकड्यावर नेऊन ठेवला होता, "सारखी ट्रिप होते" म्हणून.

ही चूक घरोघरी दिसते. रिले मोटारीच्या पाटीवरच्या अँपियरला लावायचा, त्याच्या वर नाही. स्टार-डेल्टा स्टार्टरमध्ये (मोटार आधी कमी करंटवर सुरू करून मग पूर्ण जोरावर नेणाऱ्या) रिले बहुतेक वायंडिंगच्या वाटेवर असतो. तिथे पाटीवरचा आकडा 0.58 ने गुणा. 15 अँपियरची मोटार असेल तर रिले 8.7 वर येतो. 15 वर ठेवलात तर तो असून नसल्यासारखाच.

किटकॅटमध्ये (फ्यूज बसवायच्या चिनी मातीच्या खाचेत) फ्यूज वायरऐवजी जाड तार पिळणं हाही तोच प्रकार. व्होल्टेज कमी असताना काँटॅक्टर (मोटारीचा करंट जोडणारा-तोडणारा स्टार्टरमधला स्विच) खडखडतो, तेव्हा बटणात काडी खोचणारेही आहेत. कृपया असं करू नका. कमी व्होल्टेजला मोटार जास्त करंट घेते आणि तापते. स्टार्टर सुटतोय तो तिला वाचवायलाच.

काँटॅक्टरचे पॉइंट काळे दिसले म्हणून पॉलिश पेपरने घासू नका, वरचा चांदीचा थर निघून जातो. खोल खड्डे पडले असतील तर पॉइंटच बदला.

पेटीत हात घालण्याआधी मेन स्विच बंद करा, टेस्टर लावून खात्री करा. कंडेन्सरमध्ये लाईट गेल्यावरही चार्ज राहतो, तो वायरमनकडून उतरवून घ्या. डीपीवर (ट्रान्सफॉर्मरच्या खांबांवर) स्वतः चढू नका, एका फ्यूजसाठी माणसं गेली आहेत. अर्थिंगच्या खड्ड्यात उन्हाळ्यात पाणी ओता.

पाऊस उघडला की, रब्बीचं पहिलं पाणी देण्याआधी, पेटीतल्या मुंग्या-पालींची घरं काढा, सगळे स्क्रू आवळा. मग मोटार चालवून वायरमनला क्लॅम्प मीटर (वायरभोवती धरून अँपियर दाखवणारं) लावायला सांगा. तिन्ही फेजांचे अँपियर तारखेसह झाकणाच्या आत पेनाने लिहून ठेवा. पुढच्या वर्षी एखादा आकडा वेगळा आला, तर त्याच फेजचे जोड आधी तपासा.