निकाल आपल्या बाजूने लागला, पण पैसे कुठायत? दरखास्तीबद्दल थोडं

दाव्याचा निकाल लागला म्हणजे पैसे आले असं बऱ्याच जणांना वाटतं, आम्हालाही वाटलं होतं. तसं होत नाही हो. समोरच्याने आपणहून दिले तर ठीक, नाहीतर हुकूमनाम्याची (म्हणजे दाव्यातल्या कोर्टाच्या आदेशाची, डिक्रीची) नक्कल घेऊन दिवाणी कोर्टात दरखास्त, म्हणजे वसुलीचा अर्ज, लावावी लागते. त्याला 12 वर्षं मुदत आहे पण प्लीज इतकं थांबू नका, दोन वर्षं उलटली की आधी समोरच्याला नोटीस काढावी लागते आणि नोटीस गेली की माणूस सावध होतो. त्याने अपील केलंय म्हणूनही थांबू नका, स्टे (स्थगिती) मिळाला नसेल तर वसुली चालू ठेवता येते.

आता सगळ्यात महत्त्वाचं. त्याच्याकडे काय काय आहे हे कोर्ट शोधत बसत नाही, ते आपण दाखवायचं असतं. आमच्या घरच्या केसमध्ये बेलिफ, म्हणजे कोर्टाचे कर्मचारी, जप्ती वॉरंट घेऊन दोनदा गेले आणि दोन्ही वेळा दाराला कुलूप, त्यात किती महिने गेले. मग आईला जुन्या फाईलमध्ये त्याच माणसाने कधीतरी दिलेला एक चेक सापडला, पार पिवळा पडलेला, पण त्यावर बँक, शाखा, खाते नंबर सगळं छापलेलं होतं. वकिलांनी त्या खात्यावर जप्तीचा अर्ज दिला आणि पहिली रक्कम तिथूनच आली. म्हणून सांगते, चेक, बिलं, यूपीआयचे स्क्रीनशॉट काही टाकू नका, जमीन असेल तर सातबारा काढा. काहीच माहिती नसेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (सीपीसी) ऑर्डर 21 रूल 41 खाली अर्ज करा, कोर्ट त्याला मालमत्तेचं अ‍ॅफिडेव्हिट द्यायला लावतं आणि नाही दिलं तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.

नोकरी असेल तर पगार जप्त होतो, पण सगळा नाही. पहिले 1,000 रुपये सोडून उरलेल्याचा एक तृतीयांश, म्हणजे हिशोबात धरायचा पगार 31,000 असेल तर महिन्याला 10,000, आणि तेही एका हुकूमनाम्यासाठी एकूण 24 महिनेच. मोठी रक्कम असेल तर सोबत फ्लॅट किंवा प्लॉटही दाखवा. कपडे, अंथरूण, स्वयंपाकाची भांडी, कारागिराची अवजारं, शेतकऱ्याचं बियाणं, पीएफ याला हात लावता येत नाही, आणि ते बरोबरच आहे, घेणं आपलं असलं तरी कुणाची चूल बंद पडू नये.

अटकेचं म्हणाल तर पैसेच नाहीत म्हणून कुणाला आत टाकता येत नाही, सुप्रीम कोर्टाने 1980 मध्येच हे स्पष्ट केलंय. ऐपत असून टाळतोय हे आपण दाखवायचं. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी बाईला अटक होत नाही. कैद जास्तीत जास्त तीन महिने, त्याच्या जेवणखाण्याचा निर्वाह भत्ता आपणच भरायचा, आणि तो सुटून आला तरी कर्ज तसंच राहतं.

दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढा असं 2021 मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलंय, तारखा पडत राहिल्या तर वकिलांना ते कोर्टापुढे मांडायला सांगा. आणि मध्येच तो हप्त्याने देतो म्हणाला तर घ्या, फक्त प्रत्येक हप्त्याची पुरसिस (लेखी निवेदन) कोर्टात द्या, म्हणजे किती आले आणि किती राहिले यावरून पुन्हा वाद नको.