गृहकर्ज शेवटी किती रुपयांना पडते, हे घरच्या घरी कसे काढावे

घर घेतलेल्या माणसाला आपल्याकडे पहिला प्रश्न असतो, "हप्ता किती बसला?" माझ्या धाकट्या मेहुण्याने २०२१च्या अखेरीस चिंचवडला फ्लॅट घेतला तेव्हा मीही तेवढेच विचारले. दीड-दोन वर्षांनी तो स्टेटमेंट घेऊन घरी आला. हप्ता पहिल्या महिन्यात होता तोच होता. वीस वर्षांचे कर्ज, म्हणजे २४० हप्ते. त्यातले वीसेक भरून झाले होते, आणि तरी शिल्लक हप्त्यांचा आकडा २४०च्या वर गेला होता. त्याला बँकेचा एकही फोन आला नव्हता, आणि खात्यातून कापली जाणारी रक्कम बदलली नसल्याने त्याच्याही काही लक्षात आले नव्हते.

त्या रात्री जेवणाच्या टेबलावर आम्ही जो हिशेब मांडला, तोच इथे मांडतो. कॅल्क्युलेटर, वही आणि अर्धा तास एवढेच लागते. कर्ज घेण्याआधी केला तर उत्तम, पण हप्ते सुरू झाल्यावरही उपयोगी पडतो.

आधी पहिल्या पाच महिन्यांचा तक्ता हाताने मांडा

इंटरनेटवरच्या गणकयंत्रात आकडे टाकले की हप्ता लगेच कळतो, पण कर्ज कसे चालते ते कळत नाही. म्हणून निदान पाच ओळी स्वतः लिहा. उदाहरणाला ५० लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज, वीस वर्षे मुदत धरू. हप्ता बसतो ४३,३९१ रुपये.

वहीत चार रकाने करा: बाकी, व्याज, मुद्दल, नवी बाकी. महिन्याचे व्याज म्हणजे बाकी गुणिले दर, भागिले १२००. पहिल्या महिन्यात ते ३५,४१७ रुपये येते. हप्त्यातून ते वजा केले की मुद्दलात जमा होतात फक्त ७,९७४. नवी बाकी ४९,९२,०२६. दुसऱ्या महिन्यात व्याज ३५,३६०, मुद्दल ८,०३१. पुढच्या ओळी तुम्ही भरा. एक्सेल येत असेल तर तोच सूत्राचा रकाना २४० ओळी खाली ओढता येतो.

हा तक्ता पुरा केला की काही आकडे समोर येतात. पाच वर्षांत २६ लाख रुपये भरून होतात आणि मुद्दल कमी होते जेमतेम ५ लाख ९४ हजारांनी. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा व्हायला बारा वर्षे लागतात. निम्मे कर्ज फिटायला पावणेचौदा वर्षांहून जास्त. यात बँकेची लबाडी नाही. शिल्लक बाकीवर व्याज लागते आणि सुरुवातीला बाकीच मोठी असते, इतके साधे गणित आहे. पण सातव्या-आठव्या वर्षी घर विकायची वेळ आली, तर "इतकी वर्षे भरले, आता थोडेच राहिले असेल" हा अंदाज किती चुकतो, ते या तक्त्यात दिसते.

मुदत बदलून तोच हिशेब पुन्हा करा

वीस वर्षांत एकूण भरणा होतो १ कोटी ४ लाख, त्यातले ५४ लाख व्याज. आता मुदत तीस वर्षे करा. हप्ता ३८,४४६ वर येतो, म्हणजे महिन्याला सुमारे पाच हजारांचा दिलासा. व्याज मात्र ८८ लाख ४० हजार होते. पंधरा वर्षे घेतली तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार.

महिन्याच्या पाच हजारांसाठी चौतीस लाख. हा सौदा काही घरांना करावाच लागतो, कारण एका पगारावर ४३ हजारांचा हप्ता झेपत नाही. त्यांनी तो जरूर करावा, पण आपण काय देऊन काय घेतो आहोत हे आकड्यात लिहून मग करावा.

दर चढला तर काय होईल, हे आजच काढून ठेवा

बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे ऑक्टोबर २०१९पासून बाहेरच्या एखाद्या दराला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला (ज्या दराने ती बँकांना उसने पैसे देते त्याला), जोडलेली असतात. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा ठरलेला फरक, ज्याला स्प्रेड म्हणतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला.

मेहुण्याचे कोडे इथेच होते. आकडे सोपे करून सांगतो: ५० लाख, पावणेसात टक्के, वीस वर्षे, हप्ता ३८,०१८. दीड वर्षाने बाकी सुमारे ४८ लाख १३ हजार. आता अडीच टक्क्यांची सगळी वाढ एकदमच लागली असे धरा, म्हणजे सव्वानऊ टक्के. महिन्याचे व्याज झाले ३७,१०१. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ९१७ रुपये, आणि कर्ज फिटायला आणखी चाळीस वर्षे लागतात. बाकी पूर्ण ५० लाखच असती तर व्याजच हप्त्याहून जास्त झाले असते, म्हणजे दर महिना पैसे भरूनही कर्ज वाढत गेले असते.

या प्रकारानंतर, ऑगस्ट २०२३मध्ये, रिझर्व्ह बँकेने नियम घातला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, ही निवड कर्जदाराला दिली पाहिजे. शिवाय दर तिमाहीला मिळणाऱ्या स्टेटमेंटमध्ये आजवर फिटलेले मुद्दल, गेलेले व्याज, दर आणि शिल्लक हप्त्यांची संख्या असली पाहिजे. हा शेवटचा आकडा दर तिमाहीला वहीत लिहीत चला. मागच्या वेळेपेक्षा तो बरोबर तीनने कमी झालेला नसेल, तर त्याच आठवड्यात शाखेत जाऊन विचारा. माझ्या मते गृहकर्ज असलेल्या घरात याहून महत्त्वाचा आकडा नाही.

उलट्या बाजूनेही सावध राहायला हवे. २०२५मध्ये रेपो उतरू लागला. फेब्रुवारीत सव्वासहा, जूनपर्यंत साडेपाच. दर उतरतो तेव्हा आपलाही उतरला का, हे पाहणे आपल्याच हाती. नव्या ग्राहकांना कमी स्प्रेड देऊन ओढले जाते आणि जुने जुन्याच स्प्रेडवर भरत राहतात. साडेआठ आणि आठ टक्क्यांत ५० लाखांवर वीस वर्षांत सुमारे पावणेचार लाखांचा फरक पडतो. शुल्क भरून त्याच बँकेत स्प्रेड कमी करून मिळतो का, हे विचारायला एक अर्ज पुरतो.

हप्त्याबाहेरचे खर्च एका पानावर आणा

चिंचवडसारख्या ठिकाणी करारमूल्य साडेबासष्ट लाख असलेला फ्लॅट घ्या. ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला बँक किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देऊ शकते, म्हणून साडेबारा लाख खिशातले. मुद्रांक शुल्क, स्थानिक संस्था कर आणि मेट्रो अधिभार धरून पुण्यात ७ टक्के, म्हणजे ४ लाख ३७ हजार. घर फक्त बाईच्या नावावर असेल तर १ टक्का सवलत. नोंदणी शुल्क १ टक्का, पण ३० हजारांच्या वर नाही. काम चालू असलेल्या इमारतीत ५ टक्के जीएसटी, आणखी ३ लाख १२ हजार. परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसणाऱ्या फ्लॅटला तो १ टक्का असतो, आणि पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यावर घेतलेल्याला नाहीच. मुद्रांक शुल्काचे पैसे एवढ्या किमतीच्या घराला कर्जात धरत नाहीत, तेव्हा हे सगळे रोख तयार हवे. करारमूल्यापेक्षा रेडी रेकनरचे, म्हणजे सरकारने ठरवलेले, मूल्य जास्त असेल तर शुल्क त्यावर लागते, हेही आधी पाहून घ्या.

मग बँकेकडचे: प्रोसेसिंग फी आणि तिच्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाची आणि मूल्यांकनाची फी, गहाणाच्या कागदांचे मुद्रांक. हे सगळे एकेक करून शोधत बसायची गरज आता राहिलेली नाही. १ ऑक्टोबर २०२४पासून नव्या गृहकर्जाला की फॅक्ट स्टेटमेंट देणे बंधनकारक आहे. त्यात व्याज आणि शुल्के मिळून पडणारा वार्षिक दर, म्हणजे एपीआर, लिहिलेला असतो आणि परतफेडीचे वेळापत्रकही असते. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर न करता एपीआरवर करा. या कागदात नसलेले शुल्क तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही.

विम्याबद्दल जरा थांबून सांगतो, कारण बरेच जण इथे फसतात. कर्जाबरोबर एकरकमी हप्त्याचा विमा दिला जातो आणि ती रक्कम कर्जातच मिळवली जाते. दीड लाखाचा विमा साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत फेडला की तो ३ लाख १२ हजारांना पडतो. कमावत्या माणसाच्या डोक्यावर ५० लाखांचे कर्ज असताना विमा हवाच, त्यात दुमत नाही. पण साधा मुदत विमा वेगळा घेतला तर हप्ता वर्षाच्या वर्षाला भरता येतो, आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेले तरी तो विमा तुमच्याकडेच राहतो.

इमारत पूर्ण व्हायची असेल तर प्री-ईएमआयचा रकाना वेगळा ठेवा. त्या काळात फक्त उचललेल्या रकमेवरचे व्याज भरायचे असते. सरासरी ३० लाख उचललेले आणि ताबा दोन वर्षांनी मिळाला, तर पाच लाखांहून जास्त जातात आणि मुद्दल एका रुपयानेही हलत नाही. शिवाय त्या दोन वर्षांचे घरभाडे वेगळे. ताबा लांबला की हाच रकाना लांबत जातो.

सोसायटीचा देखभाल खर्च आणि घरपट्टी कर्जाची नाहीत, पण त्याच पगारातून जातात. महिना चार हजार धरले तरी वीस वर्षांत साडेनऊ लाख.

महागाई आणि करसवलत, दोन्ही प्रामाणिकपणे धरा

एक कोटी चार लाख हा आकडा पाहून छातीत धस्स होते, पण तोही पूर्ण खरा नाही. विसाव्या वर्षी भरायचे ४३ हजार आजच्या ४३ हजारांइतके जड नसतील. महागाई ५ टक्के धरून सगळे हप्ते आजच्या पैशात मोजले तर ते सुमारे पावणेसहासष्ट लाख होतात. म्हणजे ५० लाखांवरचा खरा जादा भार पंधरा-सोळा लाखांचा. पगार महागाईबरोबर वाढत असेल तरच हे खरे, ही अट मात्र विसरू नका.

"कर वाचतो म्हणून कर्ज घ्या" हा जुना सल्ला तपासून घ्या. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या प्रणालीत अशा घराला ती नाही, आणि २०२३-२४पासून मुळात नवीच प्रणाली लागू होते, जुनी आपण निवडावी लागते. तुम्ही कोणत्या प्रणालीत आहात ते पाहा आणि मगच सवलतीचा आकडा खर्चातून वजा करा.

आता खर्च कमी करा, आणि सुरुवातीच्या वर्षांतच करा

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले तर दंड लावता येत नाही. तेव्हा बोनस, विकलेली जमीन, मोडलेली ठेव, जे हाती येईल त्यातून भरता येते. पण कधी भरता आणि काय सांगून भरता, यावर फार अवलंबून आहे.

आपल्या ५० लाखांच्या कर्जात पहिल्या वर्षअखेरीस २ लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे २१ हप्ते उडतात, म्हणजे सव्वासात लाखांचे व्याज वाचते. तेच २ लाख पंधराव्या वर्षी भरले तर सातच हप्ते कमी होतात. आणि पहिल्या वर्षी भरूनही बँकेला "हप्ता कमी करा" म्हटले, तर पूर्ण मुदतीत वाचतात फक्त दोन लाखांच्या आसपास. म्हणून अर्जावर "मुदत कमी करावी" असे स्वतःच्या हाताने लिहा आणि पोच घ्या.

एकरकमी पैसे नसतील तर वर्षाला एक जादा हप्ता भरा. कर्ज पावणेसतरा वर्षांत संपते आणि दहा लाख वाचतात. दरवर्षी हप्ताच ५ टक्क्यांनी वाढवत नेला तर सव्वाबारा वर्षांत मोकळे होता आणि वाचतात साडेएकोणीस लाख. मेहुण्याने हाच मार्ग धरला. पगारवाढीच्या महिन्यात तो बँकेत जाऊन हप्ता वाढवून येतो.

सगळेच पैसे मात्र कर्जात ओतू नका. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला राहू द्या, आणि क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर आधी ती फेडा. तिच्यापुढे गृहकर्जाचे व्याज काहीच नाही.

शेवटचा हप्ता भरल्यानंतरची कामे

कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांच्या आत मूळ कागदपत्रे परत देणे आणि घरावर नोंदलेला बोजा उतरवणे बँकेवर बंधनकारक आहे. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. कागद घेताना मंजुरीच्या वेळी दिलेल्या यादीशी एकेक ताडून पाहा, ना हरकत दाखला घ्या, तो सोसायटीच्या दप्तरी देऊन तिथली बोजाची नोंद काढून घ्या आणि महिन्या-दोन महिन्यांनी सिबिलच्या, म्हणजे सगळ्यांच्या कर्जांची नोंद ठेवणाऱ्या संस्थेच्या, अहवालात खाते बंद दिसते का ते बघा.