मुलाला शूटिंगला पाठवण्याआधी

माझ्या मुलाला नवव्या वर्षी एका चित्रपटात छोटं काम मिळालं. बालनाट्य स्पर्धेत कुणीतरी त्याला पाहिलं होतं. सकाळी नाशिकरोडला पंचवटी एक्सप्रेस पकडायची, दादरला उतरून गोरेगाव गाठायचं, असे सहा दिवस गेले.

चौथ्या दिवशी रडण्याचा सीन होता. ग्लिसरीन घालूनही तीन टेक वाया गेले. मी चहाला म्हणून बाहेर गेले आणि परत आले तर शॉट ओके झालेला, सगळे टाळ्या वाजवताहेत, पोरगं हुंदके देतंय. मलाही कौतुकच वाटलं. रात्री गाडी कसाऱ्याच्या घाटात असताना त्याने विचारलं, "आई, तू खरंच मला तिथे सोडून जाणार होतीस?" एका सहायकाने त्याच्या कानात तसं सांगितलं होतं.

ही युक्ती जुनीच आहे. १९४८च्या 'बायसिकल थीव्ह्ज' या इटालियन चित्रपटातला बालकलाकार एन्झो स्टायोला रडावा म्हणून दिग्दर्शक डी सिकाने त्याच्या खिशात सिगारेटची थोटकं टाकली आणि चारचौघांत त्याला थोटकं वेचणारा ठरवलं, असं सांगतात. युद्धानंतरच्या त्या इटालियन चित्रपटांना रस्त्यावरचे खरे चेहरे हवे होते. एन्झोही रस्त्यावरच्या गर्दीतूनच निवडलेला. चित्रपट जगभर गाजला; तो मात्र पुढे गणिताचा शिक्षक झाला. आपल्याकडे साने गुरुजींनी इथे नाशिकच्या तुरुंगात लिहिलेल्या 'श्यामची आई'वर अत्र्यांनी १९५३ साली चित्रपट काढला. त्यातला श्याम, माधव वझे, पुढे इंग्रजीचे प्राध्यापक झाले आणि रंगभूमीवरही रमले. नव्या पालकांना मी ही दोन नावं मुद्दाम सांगते. बालकलाकाराचं काम एक-दोन वर्षांचं असतं, पुढचं आयुष्य शाळेतून उभं राहतं. म्हणून वर्ग बुडवून ऑडिशनला धावू नका.

नियम आता बरे आहेत, पण ते आपल्यालाच विचारावे लागतात. बालकामगार कायद्याच्या २०१७च्या नियमांप्रमाणे निर्मात्याने जिल्हा दंडाधिकाऱ्यांची, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी काढायची असते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, आणि सलग २७ दिवसांपेक्षा जास्त शूटिंग नाही. मुलाच्या कमाईतले किमान वीस टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत जायला हवेत. ते त्याला सज्ञान झाल्यावर मिळतात. आम्हाला यातलं काहीच माहीत नव्हतं. तेव्हा सही करण्याआधी ठेवीचं आणि तासांचं विचारा, लेखी घ्या. शाळेला पत्रही आधीच द्या, मागाहून दिलेल्या पत्राने बाई नाराज होतात आणि ते बरोबरच आहे. डबा, पाण्याची बाटली, एखादं गोष्टीचं पुस्तक सोबत असू द्या, कारण सेटवर काम थोडं आणि वाट पाहणं फार.

आणि मॉनिटरजवळच्या, म्हणजे शॉट दिसतो त्या पडद्याजवळच्या, जागेवरून हलू नका. चहा कुणालाही आणून द्यायला सांगता येतो.

यंदा पुन्हा विचारणा झाली. रडण्याचा सीन आहे का, असेल तर तो कसा करून घेणार, हे मी फोनवरच विचारलं. दिग्दर्शिका आमच्या घरी आल्या, त्याच्यासोबत जमिनीवर बसल्या आणि गोष्टीतला मुलगा का रडतो ते त्यालाच विचारलं. तो बराच वेळ बोलत होता. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "तू मॉनिटरच्या शेजारी बसशील ना?"